कोंबडाही आरवतोच: बाळाच्या नावाचा अर्थ पडताळायचा कसा

भावाला मुलगा झाला आणि आत्या म्हणून नाव ठेवायचा मान माझ्याकडे आला. घरच्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर दोन दिवसांत चाळीसेक नावं जमली, प्रत्येकापुढे अर्थ लिहिलेला. त्यातली निम्मी नावं 'सूर्याचा पहिला किरण' होती. वहिनीच्या यादीत पहिलं नाव 'आरव' आणि पुढे अर्थ 'शांत, सौम्य'. आई शेजारी बसून डिंकाचे लाडू वळत होती. हात न थांबवता म्हणाली, "आरव म्हणजे शांत? मग पहाटे कोंबडा काय करतो गं?"

कोंबडा आरवतो! इतकी वर्षं हा शब्द वापरतोय, पण नाव म्हणून समोर आला तेव्हा कोणालाच ओळखू आला नाही. संस्कृत कोश उघडला तर 'आरव'पुढे ओरडणं, आक्रोश, गडगडाट, आवाज असे अर्थ. 'रु' म्हणजे आवाज करणं, त्याच्या आधी 'आ' लागून आरव झालं. रव, कलरव हे त्याचेच भाऊबंद. मग 'शांत' कुठून आलं? माझा अंदाज असा की कोणीतरी सुरुवातीचा 'आ' नकाराचा धरला. नकाराचा असतो तो र्‍हस्व 'अ'. 'अरव' म्हणजे आवाज न करणारा. एका कान्यानं मूल गप्प बसणारं की घर डोक्यावर घेणारं, ते ठरलं.

आरव नाव वाईट आहे असं मी म्हणत नाही. गर्जना हाही चांगलाच अर्थ आहे. तक्रार आहे ती नावाखाली लावलेल्या चुकीच्या पाटीबद्दल. त्या महिन्यात मी एकेक नाव घेऊन जी शोधाशोध केली, तिची रीत इथे लिहिते. मी पंडित नाही, शाळेत शंभर मार्कांचं संस्कृत घेतलं होतं एवढंच. पण एका नावाला अर्धा तास दिला तर कोणालाही हे जमेल.

आधी नाव देवनागरीत लिहा

बहुतेक घोळ रोमन लिपीत सुरू होतात. तिथे न-ण, त-ट, द-ड, ल-ळ, र्‍हस्व-दीर्घ सगळं एकाच भांड्यात. 'अर्णव' म्हणजे समुद्र, त्यात 'ण' आहे. संकेतस्थळावरून नाव उचलून लोक 'अर्नव' लिहितात आणि मग कोशात काही सापडत नाही. अनय, अनया आणि अनाया ही तीन नावं रोमन अक्षरांत हुबेहूब सारखी दिसू शकतात. पहिली दोन संस्कृत वळणाची. 'अनाया' बहुधा अरबी 'इनाया'वरून आलेलं, म्हणजे काळजी, जपणूक. यादी करणाऱ्यानं तिघांचे अर्थ एका ओळीत कोंबले की वाचणाऱ्याला वाटतं, वा, केवढं अर्थगर्भ नाव!

म्हणून वहीत चार रकाने आखा. नाव (देवनागरीत, काना-मात्रा-वेलांटीसह), कोणत्या भाषेतलं म्हणतात, अर्थ काय सांगतात आणि आधार काय. शेवटचा रकाना जवळपास नेहमी रिकामा राहतो, आणि आपलं काम तिथूनच सुरू होतं. भाषेच्या जागी 'हिंदू' लिहिलेलं दिसलं तर ते खोडा. तो धर्म आहे, त्या नावाची काही भाषा नाही.

दहा संकेतस्थळांवर एकच अर्थ दिसला तर दहा साक्षीदार मिळाले असं समजू नका. ती एकमेकांचं बघून लिहितात. अर्थाची शब्दरचना, अगदी शुद्धलेखनाच्या चुकासुद्धा, जशाच्या तशा असतात. एआयला विचाराल तर तोही तोच अर्थ आणखी ठामपणे सांगेल. त्याला मूळ शब्द आणि कोशातली नोंद विचारा, आणि ती नोंद स्वतः उघडून बघा.

कोश उघडायची तीन कुलपं

संस्कृतसाठी दोन कोश पुरतात. वामन शिवराम आपट्यांचा कोश १८९० सालचा, त्याची वाढवलेली आवृत्ती पुण्यातून १९५७ ते १९५९ दरम्यान निघाली. दुसरा मोनिअर-विल्यम्सचा, १८९९ चा. जर्मनीतल्या कोलोन विद्यापीठाच्या संकेतस्थळावर हे जुने कोश फुकट शोधता येतात. मराठी शब्दांसाठी मोल्सवर्थ (दुसरी आवृत्ती १८५७) आणि दाते-कर्व्यांचा महाराष्ट्र शब्दकोश आहेत. हे दोन्ही शिकागो विद्यापीठाच्या डिजिटल ग्रंथालयात सापडतात. दाते-कर्व्यांचा सोडला तर या कोशांतले अर्थ इंग्रजीत आहेत, तरी शब्द कळला की काम भागतं.

अडचण वेगळीच येते. नाव टाकलं, 'सापडलं नाही' असं आलं, आणि आपण ठरवून टाकतो की नाव बनावट. थांबा. संस्कृत कोशात शब्द मूळ रूपात असतो, आपण हाक मारतो त्या रूपात नसतो. 'मनस्वी' शोधायचं तर 'मनस्विन्', 'तेजस्वी' शोधायचं तर 'तेजस्विन्', 'महिमा' हवा तर 'महिमन्', 'विवस्वान' हवा तर 'विवस्वत्'. हे पहिलं कुलूप. दुसरं असं की मुलींची नावं बरेचदा पुल्लिंगी शब्दाच्या पोटात असतात. अनघा हवी तर 'अनघ' बघायचं: निष्पाप.

तिसरं कुलूप मला फार उशिरा उघडलं. मोनिअर-विल्यम्सच्या नोंदीत अर्थांच्या मागे आखूड खुणा असतात. हा अर्थ कुठल्या ग्रंथात आला ते त्या सांगतात. ऋग्वेद, महाभारत अशी खूण असेल तर तो शब्द त्या अर्थानं कोणीतरी खरोखर वापरलेला आहे. नुसतं इंग्रजी 'एल' अक्षर आणि टिंब असेल तर तो अर्थ फक्त जुन्या कोशकारांच्या याद्यांत आहे, वाङ्मयात वापरलेला सापडलेला नाही.

'इरा' घ्या, सध्याचं लाडकं नाव. संकेतस्थळं म्हणतात 'सरस्वती'. कोशात पहिला अर्थ आहे पिण्याजोगं द्रव, दुधाचा घोट, आणि त्याला ऋग्वेदाची खूण आहे. मग अन्न, तरतरी. मग दक्षाची मुलगी, कश्यपाची बायको. त्यानंतर पाणी, पृथ्वी, वाणी, सरस्वती हे अर्थ येतात, आणि ते कोशकारांच्या खुणेचे. त्याच रांगेत एक अर्थ 'मद्य' असाही बसलाय. तर 'सरस्वती' खोटं नाही, पण मधे कुठेतरी दूध आणि दारू गाळून उरवलेला एकच अर्थ आपल्यापर्यंत आलाय. मला विचाराल तर दुधाचा घोट हा बाळासाठी सरस्वतीपेक्षाही गोड अर्थ आहे.

संधी सोडवून बघा

'-आंश' नं संपणाऱ्या नावांची सध्या रांग लागली आहे. इथे कोशाआधी शाळेतलं व्याकरण वापरा. शिव + अंश = शिवांश, देव + अंश = देवांश, सूर्य + अंश = सूर्यांश. सगळं सरळ आहे. आता 'रेयांश': सूर्याचा अंश, विष्णूचा अंश, पहिला किरण वगैरे. सूर्यासाठी 'रवि' घेतला तर रवि + अंश = रव्यंश. संपत्तीसाठी वैदिक 'रयि' घेतला तर रय्यंश. 'रेयांश' व्हायचं तर मागे 'रेय' हवा, आणि सूर्य किंवा विष्णू या अर्थाचा 'रेय' मला कोशांत मिळाला नाही. म्हणजे हे नाव संस्कृतच्या नादावर बेतलेलं आहे, संस्कृतमधून आलेलं नाही. कानाला छान लागतं म्हणून ठेवायला हरकत नाही, पण पत्रिकेवर 'विष्णूचा अंश' छापायच्या आधी विचार करा.

'हे देवाचं नाव आहे' म्हटलं की मूळ पोथी

इथे मी स्वतः तोंडघशी पडले, म्हणून जरा सविस्तर सांगते.

आरव मागे पडल्यावर भावानं 'अनय' सुचवलं. अर्थ लिहिला होता: 'विष्णू, ज्याच्या वर कोणी नाही'. तोवर मला कोशांची चटक लागलेली. आपटे उघडले. नय म्हणजे नीती, वागण्याची रीत. अ-नय म्हणजे अनीती, गैरकारभार, दुर्दैव. मी ग्रुपवर ऐटीत लिहिलं, "अनय म्हणजे दुर्दैव. बाद." वर मोनिअर-विल्यम्सचा फोटोही टाकला. आजीनं भर घातली की आपल्या गवळणींमध्ये अनय हा राधेचा नवरा, त्या बिचाऱ्याचं नाव कशाला? नाव बाद झालंच होतं.

रात्री मावशीचा फोन आला. ती रोज अंघोळ झाली की विष्णुसहस्रनाम म्हणते, पुस्तकाशिवाय. "अगं, त्यात आहे की अनय," म्हणाली, आणि तिथल्या तिथे म्हणून दाखवलं: 'नेयो नयोऽनयः'. मी म्हटलं, पण मी तर पीडीएफमध्ये शोधलं, मिळालं नाही. मिळणार कसं? संधीत सुरुवातीचा 'अ' गिळला गेलाय आणि त्याच्या जागी अवग्रहाची खूण (ऽ) बसलीय. यंत्र 'अनय' शोधत होतं, पोथीत 'ऽनयः' होतं. शांकरभाष्यात त्याचा अर्थही स्पष्ट आहे: ज्याला नेणारा दुसरा कोणी नाही, तो अनय. म्हणजे संकेतस्थळ बरोबर होतं आणि कोश हातात धरून बसलेली आत्या अर्धीच बरोबर.

यातून माझ्या वहीत दोन गोष्टी चढल्या. कोश शब्दाचा सर्वसाधारण अर्थ देतो. विशेषनाम म्हणून त्याच शब्दाची वेगळी फोड परंपरेत असू शकते, आणि ती भाष्यात सापडते. दुसरं, स्तोत्रात नाव शोधताना आधीच्या शब्दाशी झालेला संधी लक्षात घ्या. शेवटची दोन-तीन अक्षरंच शोधा, किंवा नामावली काढा. 'ॐ अनयाय नमः' अशी सुटी सुटी नावं तिथे असतात. विष्णुसहस्रनाम महाभारताच्या अनुशासनपर्वात आहे, ललितासहस्रनाम ब्रह्मांडपुराणातलं मानतात, गणेशसहस्रनाम गणेशपुराणातलं. कोणी 'देवीचं नाव' म्हटलं की 'कुठल्या नामावलीत?' एवढं विचारायचं. बरीच नावं या एका प्रश्नावर गळतात.

आता उलटा मासला: 'अथर्व'. महाराष्ट्रात अर्थ विचारा, दहातले आठ जण 'गणपती' सांगतील. कारण उघड आहे, गणपती अथर्वशीर्ष. पण तेच अथर्वशीर्ष म्हणत फलश्रुतीपाशी या. तिथे 'इत्यथर्वणवाक्यम्' येतं, म्हणजे हे अथर्वणाचं वचन. अथर्वा हा सांगणारा ऋषी आहे, ज्याच्याविषयी सांगितलं तो देव नव्हे. कोशात 'अथर्वन्' बघा: अग्नीची उपासना करणारा पुरोहित. पारशांच्या अवेस्तातही अग्निपुरोहिताला 'आथ्रवन्' म्हणतात. वैदिक शब्दांची फोड सांगणाऱ्या यास्काच्या 'निरुक्त' या जुन्या ग्रंथात 'थर्व्' म्हणजे हलणं, म्हणून अथर्वन् म्हणजे न हलणारा, अशी फोड आहे. प्रवचनांत ऐकू येणारा 'स्थिर' हा अर्थ तिथला. जुनी आहे म्हणून ती फोड सांगायला हरकत नाही. फक्त 'यास्क असं म्हणतो' एवढं जोडावं.

शब्दार्थ आणि आठवण यांतही गल्लत होते. गार्गी म्हणजे 'विदुषी' असं छापतात. शब्दाचा अर्थ गर्ग कुळातली. विद्वत्ता बृहदारण्यक उपनिषदातल्या गार्गी वाचक्नवीची, जिनं भर सभेत याज्ञवल्क्याला प्रश्न विचारले. तसंच जान्हवी म्हणजे जह्नूची मुलगी. गंगा तिच्यामुळे आठवते. वहीत दोन्ही लिहा, पण वेगवेगळ्या ओळींवर.

संस्कृतात नाही, तर मग कुठलं?

कोशात नाही म्हणजे कुठेच नाही, असं नसतं. 'सिया' संस्कृत कोशात शोधू नका, ते अवधीतलं सीतेचं रूप आहे. 'केया' बंगालीतलं, म्हणजे केवडा. 'सई' तर आपलीच, सखीची प्राकृतात 'सही' झाली आणि मराठीत सई. अशा शब्दांची वाटचाल बघायची तर टर्नरचा भारतीय-आर्य भाषांचा तुलनात्मक कोश शिकागोच्याच संकेतस्थळावर आहे. अरबी-फारसी नावांसाठी तिथेच स्टाइनगासचा १८९२ चा कोश मिळतो.

काही नावांना दोन घरं असतात. समीर संस्कृतात वारा, अरबीत रात्रीच्या गप्पांचा सोबती. दोघांचा एकमेकांशी संबंध नाही. मिहिर म्हणजे सूर्य. वराहमिहिराच्या, म्हणजे सहाव्या शतकाच्या, काळापासून आपल्याकडे रुळलेला शब्द, पण त्याचं माहेर इराणी 'मिहर'. सोनिया ऐकलं की मराठी माणसाला सोनं आठवतं. ते रशियन लाडाचं नाव, मूळ सोफिया, म्हणजे शहाणपण. तान्या हेही रशियन, तात्यानाचं लघुरूप. 'मुलगी' हा अर्थ तनयाचा आहे, तो तान्याला उगाच चिकटवलाय. अनिका म्हणजे 'दुर्गा' असं वाचाल. संस्कृतात आहे तो 'अनीक', म्हणजे चेहरा किंवा सैन्य, आणि त्यात 'नी' दीर्घ. उत्तर युरोपात मात्र 'अ‍ॅना'चं लाडकं रूप म्हणून आनिका सर्रास आहे.

कियाराचं आणखी गमतीचं. इटालियन 'किआरा' म्हणजे स्वच्छ, उजळ. आयरिश 'किअरा'चा मूळ शब्द काळा, सावळा या अर्थाचा. रोमन लिपीत दोन्हींत जेमतेम एका अक्षराचा फरक. युरोपीय नावांसाठी 'बिहाइंड द नेम' हे संकेतस्थळ मी वापरते. तिथे वाचकांनी पाठवलेली नावं वेगळ्या विभागात असतात. ती बघताना हात आखडता घ्या.

मराठी कान

संस्कृत अर्थ उत्तम आणि मराठी अर्थ अवघड, असंही होतं. मनस्विन् म्हणजे थोर मनाचा, स्वाभिमानी. मराठीत 'मनस्वी' म्हणजे लहरी, मनाला येईल तसं वागणारा, किंवा नुसतं 'अतिशय' ("मनस्वी उकडतंय"). तृषा म्हणजे तहान, दोन्हीकडे. नाव नक्की करायच्या आधी ते घरातल्या सगळ्यात म्हाताऱ्या माणसाला अर्थ न सांगता ऐकवा आणि चेहरा बघा. आमच्याकडे आईच्या कोंबड्यानं जे केलं ते कुठल्याच कोशानं केलं नसतं.

राशीच्या अक्षराचंही लक्षात घ्या. २७ नक्षत्रं, प्रत्येकाचे ४ चरण, म्हणजे १०८ अक्षरं. त्यात आर्द्रेला 'ङ', उत्तराभाद्रपदेला 'ञ' आणि हस्ताला 'ण' येतो. या अक्षरांनी सुरू होणारे शब्दच नाहीत म्हटलं तरी चालेल, तरी याद्यांत नावं हजर असतात, अर्थासकट. अवघड अक्षराचं नाव जेवढं सहज मिळेल, तेवढं जास्त तपासा.

कोरं नाव निघालं तर

सगळं शोधून रकाना रिकामाच राहिला, तर ते नाव अलीकडचं, कोणीतरी रचलेलं आहे. त्यात लाज नाही. 'मायरा' हे नाव फुल्क ग्रेव्हिल (१५५४–१६२८) या इंग्लिश कवीनं कवितेसाठी घडवलं असं मानतात, आणि ते आज पुण्याच्या बालवाड्यांत आहे. विचारलं तर सांगायचं, "आम्हाला ऐकायला आवडलं." याउप्पर कोणाला हक्कानं विचारता येत नाही.

दाखल्यावर लिहायच्या आधी

बारशाची तारीख जवळ आली म्हणून लोक घाई करतात. कायद्याला तेवढी घाई नाही. जन्माची नोंद २१ दिवसांत करायची असते, पण ती नावाशिवाय होते. नाव नंतर १२ महिन्यांच्या आत फुकट घालता येतं, आणि त्यापुढे १५ वर्षांपर्यंत विलंब शुल्क भरून. मात्र १ ऑक्टोबर २०२३ पासून जन्मलेल्यांसाठी शाळाप्रवेशापासून वाहन परवान्यापर्यंत जन्माचा दाखला हाच जन्मतारखेचा आणि जन्मस्थळाचा पुरावा आहे. तिथली वेलांटी चुकली तर पुढे प्रत्येक कागदावर ती निस्तरत बसावं लागतं.

म्हणून अर्जावर आधी देवनागरी नाव सुवाच्य लिहा, मग रोमन. छापील मसुदा दाखवला तर एकेक अक्षर बोट ठेवून वाचा. आमच्या वेळी पहिल्या मसुद्यात 'अन्य' छापून आलं होतं. वहिनीनं तिथल्या तिथे पकडलं.

हो, शेवटी अनयच ठेवलं. बारशाला कानात कुर्र करताना मीच ते नाव घेतलं, आणि मावशीनं पाळण्याला बांधायच्या पाटीवर अर्थ लिहून आणला: 'ज्याला नेणारा दुसरा कोणी नाही'. भावाचे डोळे जागरणानं तांबारले होते. पाटी वाचून म्हणाला, "हे तर रोज पहाटे तीनला कळतं. तेव्हा आरवतोही."